वादाच्या जागी कॅमेरा थांबत नाही

मराठीत थोरामोठ्यांवरचे माहितीपट कमी नाहीत. जन्मशताब्दी आली की एखादी समिती किंवा सरकारी खातं पैसे उभे करतं आणि तासाभराचा पट तयार होतो: जन्मघर, जुनी छायाचित्रं, शिष्यांच्या आठवणी, शेवटी समाधी. चित्रीकरण नेटकं असतं. पण त्या माणसाबद्दल ज्या गोष्टीवरून आजही लोक भांडतात, नेमकी तीच संकलनात गळते.

रायगडातले पेण आणि रोहा हे दोनच तालुके पाहा. पेण तालुक्यातल्या गागोद्यात १८९५ साली विनोबा जन्मले. भूदान, पदयात्रा, पवनार हे सगळं पडद्यावर येतं. आणीबाणी दोन वाक्यांत उरकली जाते. ‘अनुशासन पर्व’ हे शब्द त्यांनी मौनात असताना लिहिले आणि सत्तेने ते उचलून धरले. मौन सुटल्यावर त्यांनी आचार्यांच्या अनुशासनाचा अर्थ सांगितला. पुढे १९७६ मध्ये त्यांनी गोवधबंदीसाठी उपोषण जाहीर केलं, तेव्हा पवनारच्या ‘मैत्री’ मासिकाचे अंक पोलिसांनी जप्त केले. विनोबांना सरकारी संत म्हणणारे आणि त्यांच्याबद्दल शंका घेणं पाप मानणारे, दोघांचीही इथे अडचण होते. चांगला माहितीपट इथूनच सुरू व्हायला हवा.

रोह्यातही हीच स्थिती आहे. पांडुरंगशास्त्री आठवले इथे १९२० साली जन्मले. श्याम बेनेगलांचा ‘अंतर्नाद’ (१९९१) त्यांच्या स्वाध्याय परिवाराच्या कामावर बेतलेला, पण तो कथापट. रोह्याशी घट्ट नातं असलेले चिंतामणराव देशमुख १९५२ मध्ये कुलाब्यातून, म्हणजे आजच्या रायगडातून, लोकसभेवर गेले. १९५६ मध्ये मुंबईच्या प्रश्नावर त्यांनी अर्थमंत्रिपद सोडलं, तो प्रसंग आपण अभिमानाने सांगतो. तेच देशमुख १९६९ मध्ये स्वतंत्र पक्ष आणि जनसंघाच्या पाठिंब्यावर राष्ट्रपतिपदासाठी उभे राहिले आणि हरले, हे मात्र कुणी काढत नाही.

असं काम करता येतं, याचा पुरावा आनंद पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११). १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं मेली आणि काही दिवसांत शाहीर विलास घोगरेंनी गळफास घेतला. डाव्या चळवळीत गाणाऱ्या या माणसाने मरताना डोक्याला आंबेडकरी चळवळीचं निळं फडकं बांधलं होतं. का? हा प्रश्न पटवर्धन चौदा वर्षं सोडत नाहीत. ज्या डाव्या विचाराशी त्यांची जवळीक आहे, त्यालाही ते जाब विचारतात. मला या पटाचं मोल तिथेच वाटतं. घोगरेंचा पुतळा कुणी उभारणार नव्हतं. आज त्यांचा आवाज आहे तो या चित्रणामुळे. अर्थात याची किंमत पडते. पटवर्धनांचे आधीचे पट दूरदर्शनवर यावेत म्हणून त्यांना न्यायालयात जावं लागलं, आणि ‘जय भीम कॉम्रेड’ वस्त्यांमधून पडदा बांधून दाखवावा लागला.

असं काम आपल्याकडेही व्हायला हवं. पेणहून अलिबागकडे निघालं की चरी गावाची वाट लागते. नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली तिथल्या कुळांनी १९३३ ते १९३९ अशी सहा वर्षं खोतांची जमीन कसली नाही. संप केलेले लोक आता नाहीत; त्यांच्याकडून ऐकलेली नातवंडं सत्तरी-ऐंशीत आहेत. रायगडातल्या ज्या तरुणांच्या हातात कॅमेरा आहे, त्यांनी शताब्दीची आणि समितीची वाट न पाहता या वर्षीच या नातवंडांच्या ओसरीवर जाऊन बसावं. खोतांच्या वंशजांकडेही जावं.