ल्युनेट: चंद्र कुठला, धार कुठली?

माझ्या अभ्यासविषयात एक शब्द पानोपानी भेटतो: ल्युनेट. मध्याश्मयुगातलं हे दगडी पातं, सहसा दोन-तीन सेंटिमीटरचंच. जळगाव जिल्ह्यातल्या पाटणे इथे एस. ए. साळी यांनी १९७२-७३ मध्ये केलेल्या उत्खननात अशी पाती मिळाली.

शब्द लॅटिन. 'लूना' म्हणजे चंद्र, 'लूनारे' म्हणजे चंद्रासारखा बाक देणं आणि 'लूनातुस' म्हणजे तसा बाक दिलेलं. मनगटातल्या एका हाडाचंही हेच नाव. 'ल्युनॅटिक'ही याच घराण्यातला. चंद्रामुळे वेड लागतं, ही जुनी समजूत.

मराठीत याला कुणी 'चंद्रकोर' म्हणतं, कुणी 'अर्धचंद्राकृती'. तुम्ही म्हणाल, काय फरक पडतो? पडतो. 'चंद्रकोर' म्हटलं की तुमच्या डोळ्यांपुढे कपाळावरची टिकली येते: दोन टोकं आणि आतली कडा खोलगट. त्यात हे हत्यार आहे म्हटल्यावर विळाच आठवतो, आणि विळ्याची धार तर आतल्या बाकातच असते.

ल्युनेटचं तसं नाही. त्याची धार सरळ असते, आणि बाकदार कडा बारीक टवके काढून मुद्दाम बोथट केलेली असते. ही बोथट पाठ लाकडाच्या किंवा हाडाच्या खाचेत बसवून चिकटवायची. अशी पाती ओळीने लावली की सुरी तयार. एखादं तुटलं तर तेवढंच बदलायचं. म्हणजे 'चंद्रकोर' हा शब्द देखणा खरा, पण वाचकाला भलतीकडेच धार दाखवतो.

'अर्धचंद्राकृती' त्यातल्या त्यात बरा, पण अष्टमीचा चंद्र डोळ्यांपुढे आणला तरच. शंकराच्या माथ्यावरचा अर्धचंद्र आठवलात, तर पुन्हा कोरच! मूळ लॅटिन नावातही हीच उणीव आहे. ते बाक सांगतं, काम सांगत नाही.

आपल्या नागपुरात याहून सोपी उपमा हाताशी आहे: संत्र्याची फोड. बाहेरची पाठ गोल आणि जाड, आतली कड सरळ आणि पातळ. प्रबंधात 'फोड' लिहा, असं मी म्हणत नाही. 'अर्धचंद्राकृती'च लिहा, पण पहिल्यांदा लिहाल तिथे 'पाठ बोथट, धार सरळ' हे चार शब्द जोडा. संग्रहालयातली पाटी वाचून एखाद्या मुलाने चित्र काढलं, तर निदान धार तरी योग्य बाजूला येईल.