गुंड्याभाऊची नजर

२८ ऑगस्ट २०२५ रोजी बाळ कर्वे गेले. बहुतेक बातम्यांच्या मथळ्यांत ‘गुंड्याभाऊ’ होताच. ‘रथचक्र’, ‘सूर्याची पिल्ले’ ही नाटकं आणि मुंबई महापालिकेतली अभियंत्याची नोकरी खाली कुठंतरी. नटावर एका भूमिकेचा शिक्का बसला की आपण हळहळतो. तो इतका पक्का का बसला, हे मात्र फारसं कुणी विचारत नाही.

चिं. वि. जोशींच्या कथा चिमणराव स्वतः सांगतो. म्हणजे पुस्तकात गुंड्याभाऊ दिसतो तो चिमणरावाला दिसतो तसा : दांडगा, सोटा घेऊन फिरणारा, बोलण्याआधी हात उचलणारा. १९४०च्या ‘लग्न पहावं करून’मध्ये दामुअण्णा मालवणकर आणि विष्णुपंत जोग या जोडीनं हे दोघे पडद्यावर आणले. १९७७मध्ये मुंबई दूरदर्शनवर मालिका सुरू झाली. पडद्यावर आलं की गोष्ट सांगणाऱ्याची मक्तेदारी संपते. आता चिमणरावाकडे बघणारं कुणीतरी त्या खोलीतच उभं असतं. कर्व्यांनी नेमकी ती जागा धरली. चिमणराव बोलत सुटतो तेव्हा मी प्रभावळकरांकडे कमी आणि कर्व्यांकडे जास्त बघतो. ते ऐकत असतात. मूर्खपणा कळलेला असतो, तरी माणूस आपला आहे, निस्तरायचं आपल्यालाच आहे, हे त्या चेहऱ्यावर असतं. विनोदी मालिकेत असं ऐकणारा नट दुर्मीळ. एरवी सगळे आपापल्या वाक्याची वाट बघत उभे असतात.

मी तलवाड्याचा, गेवराई तालुक्यातला. मुंबई दूरदर्शन तेव्हा आमच्याकडे दिसतच नव्हतं, त्यामुळे मालिकेबद्दल मुंबई-पुण्याच्या घरांत जो उमाळा आहे तो माझ्या घरात नाही. मी उरलेसुरले भाग मोबाइलवर पाहिले, तेही नोकरीला लागल्यावर. चिमणरावाचं मध्यमवर्गीय ब्राह्मणी घर, त्यातल्या नोकरीच्या न् पाहुण्यांच्या चिंता मला लांबच्याच वाटल्या. काही प्रसंग तर उगाच ताणलेले. ओळखीचा निघाला तो गुंड्याभाऊ. आमच्याकडे प्रत्येक भावकीत असा एक असतो. स्वतःचा संसार नाही, चुलतभावाच्या ओसरीवर पथारी, आणि लग्नात मांडवापासून मयतीत सरणापर्यंत हाक त्यालाच. काम झालं की त्याच्या खाण्यावर, अंगावर, अडाणीपणावर हसायचं. कर्वे गुंड्याभाऊला तसं हसू देत नाहीत. आश्रिताचा लाचारपणा त्यांनी या माणसात येऊच दिला नाही. ते घरात येतात ते हक्कानं, आणि बसतात तेही ऐसपैस.

प्रभावळकर प्रत्येक भूमिकेत नवा माणूस होतात. ‘झपाटलेला’तला तात्या विंचू पाहताना चिमणराव आठवत नाही, ‘लगे रहो मुन्नाभाई’तले गांधीजी पाहताना तर दोघंही नाहीत. कर्व्यांचं भांडवल वेगळं होतं. रंगभूषेआड लपणं त्यांच्या कामात नव्हतं. अंग, आवाज, डोळे स्वतःचेच ठेवून त्यांनी ते गुंड्याभाऊला देऊन टाकले. मग मथळ्यात नाव कुणाचं येणार?