काहीतरी चुकलं, पण कुणाचं?

मागच्या जूनमध्ये गावी गेले, तेव्हा आजीचा फोन कपाटात सापडला. टॉवेलमध्ये गुंडाळून, लुगड्यांच्या घड्यांमागे ठेवलेला. बंद करून. चार दिवस ती माझ्याशी काकाच्या फोनवरून बोलत होती आणि मला त्यात काही वेगळं वाटलं नव्हतं. विचारलं तर आधी विषय टाळत राहिली. मग म्हणाली, "अगं, मी काही केलं नाही. नुसतं कीर्तन लावलं होतं. मधेच थांबलं आणि काहीतरी चुकलं म्हणून आलं. पुन्हा दाबलं, पुन्हा तेच. म्हटलं, माझ्याच हातून बिघडला. आता आणखी हात लावायला नको."

ते वाक्य मी लिहिलेलं होतं.

तेव्हा मी व्हिडिओ दाखवणाऱ्या एका अ‍ॅपवर काम करत होते. टीममध्ये मराठी येणारी मी एकटीच, म्हणून इंग्रजी वाक्यांची एक लांबलचक फाइल माझ्याकडे आली. बटणांवरचे शब्द, सूचना, एरर मेसेज. जेवायच्या सुट्टीआधी संपवायची होती. 'समथिंग वेंट राँग'समोर मी 'काहीतरी चुकलं. कृपया पुन्हा प्रयत्न करा' असं लिहिलं आणि पुढच्या ओळीकडे गेले. आजीचं कीर्तन थांबलं त्या दिवशी बिघाड आमच्या सर्व्हरवर होता. एका सर्टिफिकेटची मुदत संपली होती आणि ते वेळेत बदलायचं राहून गेलं होतं. अडीच तासांत सगळं सुरळीत झालं. आजीचा फोन मात्र चार दिवस कपाटात राहिला.

म्हणून या लेखात मला त्या वाक्याची समीक्षा करायची आहे. कादंबरीची करतात तशीच, म्हणजे ते कोण बोलतंय, कुणाशी बोलतंय आणि काय लपवतंय, हे बघून. व्हिडिओ बंद पडल्यावर काय करायचं, याचं उत्तरही मला या वाचनातूनच मिळालं.

आधी व्याकरण. मराठीत 'चुकलं' म्हटलं की लगेच प्रश्न येतो, कुणाचं? 'माझं चुकलं' ही आपली माफी मागायची सगळ्यात साधी रीत आहे. 'तुझं चुकलं' हा आरोप आहे. 'काहीतरी चुकलं' यात ती जागा रिकामी राहते. इंग्रजी वाक्य नुसतंच गुळमुळीत आहे, पण मराठीत आल्यावर ते रिकामी खुर्ची मांडून ठेवतं, आणि त्या खुर्चीत जो समोर असेल तो बसतो. समोर आजी होती. त्यात वर 'पुन्हा प्रयत्न करा'. म्हणजे आधीचा तुमचा प्रयत्न फसला, असाच त्याचा अर्थ झाला.

आमच्या क्षेत्रातले लोक यावर म्हणतील की बिघाड कुठे झालाय हे अ‍ॅपला कळतच नाही. कधीकधी ते खरं असतं. समोरून उत्तरच आलं नाही, तर नेट गेलंय की सर्व्हर झोपलाय, हे फोनला ठरवता येत नाही. पण उत्तर येतं तेव्हा त्यात आकडा असतो. ज्या एचटीटीपीवर वेब चालतं, त्याने चुकांची वाटणी कधीच करून ठेवलीय. चारशेच्या घरातले आकडे म्हणजे विचारणाऱ्याच्या बाजूची चूक. ४०४ म्हणजे तुम्ही मागितलेलं इथे नाही. पाचशेच्या घरातले आकडे म्हणजे उत्तर देणाऱ्याची चूक. ५०३ म्हणजे सर्व्हर सध्या काम करण्याच्या स्थितीत नाही. थोडक्यात, यंत्रांच्या भाषेत 'तुमचं' आणि 'आमचं' हे दोन्ही शब्द आहेत. माणसांसाठी भाषांतर करताना आम्हीच ते काढून टाकतो आणि 'काहीतरी' लिहितो. आजीचा फोन सुरू करून आमची मुदत संपलेल्या सर्टिफिकेटची गोष्ट आठवताना मला हेच खटकलं. फोनला कळलं होतं की दोष सर्टिफिकेटचा आहे. आजीला तेवढं सांगितलं गेलं नाही.

आईबाबांच्या पिढीला हे ऐकवलं तर त्यांना दूरदर्शन आठवतं. कार्यक्रम मधेच तुटला की पाटी यायची. मराठीत 'व्यत्यय', हिंदीत 'रुकावट के लिए खेद है'. त्या पाटीची खूप टिंगल झाली, पण आज ती वाचताना मला दोन गोष्टी दिसतात. एक म्हणजे खेद कुणाला आहे हे स्पष्ट होतं, कारण पाटी लावणारं केंद्र एकच होतं. दुसरं म्हणजे ती पाटी गल्लीतल्या सगळ्या घरांत एकाच वेळी दिसायची. शेजारच्या खिडकीतूनही 'छे!' ऐकू आलं की आपला अँटेना ठीक आहे हे कळायचं. आज प्रत्येकाचा पडदा वेगळा, त्यावरचा कार्यक्रम वेगळा आणि बिघाडही एकट्याचा. ते गोल फिरणारं चक्रच बघा. ते फिरतंय म्हणजे मागे काही काम चाललंय, असं वाटतं. प्रत्यक्षात ते बहुतेक वेळा नुसतं अ‍ॅनिमेशन असतं. पलीकडचा सर्व्हर पूर्ण बंद असला तरी ते तितक्याच उत्साहाने फिरतं.

काही कंपन्या विनोदाचा आधार घेतात. यूट्यूबच्या जुन्या ५०० च्या पानावर लिहिलेलं असायचं की परिस्थिती हाताळायला उत्तम प्रशिक्षित माकडांचं पथक रवाना केलंय. मला हे पान 'काहीतरी चुकलं'पेक्षा बरं वाटतं. त्यात निदान कुणीतरी रवाना होतंय आणि ते तुम्ही नाही. पण हा विनोद इंटरनेटवर वाढलेल्यांसाठी आहे. आजीला माकडं दाखवली असती तर तिने फोन कपाटात न ठेवता थेट काकाकडून विकून टाकला असता.

दोष दुसऱ्यावर ढकलणारं वाक्यही असतं. २००९ पासून जर्मनीत यूट्यूबवरचे कितीतरी संगीताचे व्हिडिओ दिसत नव्हते, कारण यूट्यूब आणि गेमा ही संगीतकारांचे हक्क सांभाळणारी संस्था यांच्यात मानधनावरून वाद होता. व्हिडिओच्या जागी पाटी यायची. तिचा आशय असा, की यातल्या संगीताचे हक्क गेमाने दिलेले नाहीत म्हणून व्हिडिओ उपलब्ध नाही. गेमा त्या वाक्यावरून कोर्टात गेली. २०१४ मध्ये म्युनिकच्या न्यायालयाने सांगितलं की पाटीची शब्दरचना दिशाभूल करणारी आहे. वाद दोघांत असताना ती पाहणाऱ्याला एकालाच दोषी ठरवायला लावते. पुढच्या वर्षी वरच्या न्यायालयानेही तेच कायम ठेवलं. २०१६ च्या नोव्हेंबरमध्ये दोघांचा करार झाला आणि व्हिडिओ दिसू लागले. एरर मेसेजमधल्या कर्त्यावरून दोन संस्था वर्षानुवर्षं भांडू शकतात, याचा अर्थ हे वाक्य किती महत्त्वाचं आहे हे त्यांना पक्कं माहीत होतं. दहा मिनिटांत भाषांतर करून मोकळी झालेल्या मला मात्र माहीत नव्हतं.

माझ्या आवडीचा आकडा ४५१. कायद्याच्या कारणाने एखादी गोष्ट दाखवता येत नसेल, तर सर्व्हरने ४०४ म्हणून 'सापडत नाही' असं खोटं न बोलता हा आकडा द्यावा, असं ठरलं. टिम ब्रे यांनी तो सुचवला आणि २०१६ मध्ये त्याला मानक म्हणून मान्यता मिळाली. आकडा रे ब्रॅडबरी यांच्या १९५३ च्या 'फॅरनहाइट ४५१' या पुस्तकं जाळणाऱ्या समाजाच्या कादंबरीवरून घेतला आहे. त्याहून महत्त्वाचं म्हणजे बंदी कुणाच्या मागणीवरून, कोणत्या कायद्याखाली आणि कुणाकुणाला लागू आहे, हे उत्तरात सांगावं, अशी शिफारस त्यात आहे. म्हणजे कर्ता, कारण आणि व्याप्ती. चांगल्या वाक्याची याहून नेमकी व्याख्या मी इंजिनीअरिंगच्या चार वर्षांत वाचली नाही. फक्त एक विसंगती आहे. हा आकडा चारशेच्या घरात बसवलाय, म्हणजे हिशोबाने चूक पुन्हा पाहणाऱ्याचीच.

आता फोन हातात असताना काय करायचं? माझं उत्तर असं, की आधी रिकाम्या खुर्चीत कोण बसतंय ते शोधा आणि स्वतः सगळ्यात शेवटी बसा. त्याच अ‍ॅपवर दुसरा व्हिडिओ लावा. तो चालला तर दोष त्या एका व्हिडिओचा. दुसरं अ‍ॅप उघडा. तेही अडकलं तर दोष नेटचा. वायफाय बंद करून मोबाइल डेटावर बघा. तिथे चाललं तर राउटर किंवा ब्रॉडबँडवाला. मग लॉगआउट करून किंवा इनकॉग्निटोमध्ये बघा. आणि मुख्य म्हणजे कुणाला तरी विचारा, "तुझ्याकडे येतंय का?" शेजारच्या खिडकीतला तो 'छे!' आता आपल्यालाच मागून घ्यावा लागतो.

इनकॉग्निटोचं सांगते, कारण त्यामागे खरी गोष्ट आहे. १४ डिसेंबर २०२० ला आपल्याकडे संध्याकाळी सव्वापाचच्या सुमारास जीमेल, यूट्यूब आणि गूगलच्या इतर सेवा जगभर पाऊण तास कोलमडल्या. पण लॉगइन न करता यूट्यूब उघडणाऱ्यांना व्हिडिओ दिसत होते. व्हिडिओ शाबूत होते. मोडली होती ती 'तुम्ही कोण' हे ओळखणारी यंत्रणा. जागेचा कोटा वाटणाऱ्या स्वयंचलित प्रणालीला तिचा वापर चुकून शून्य दिसला आणि तिने त्या यंत्रणेचा कोटाच कापला. त्याआधी २४ फेब्रुवारी २००८ ला पाकिस्तानात देशापुरतं यूट्यूब बंद करायला गेलेल्या टेलिकॉम कंपनीचा चुकीचा मार्ग बाहेर पसरला आणि जगाच्या मोठ्या भागात यूट्यूब सुमारे दोन तास गायब झालं. या दोन्ही दिवशी कितीजणांनी राउटर काढून पुन्हा लावला असेल, फोन फॅक्टरी रीसेट केला असेल!

इतरांचंही बंद असेल तर फोन खाली ठेवा. 'पुन्हा प्रयत्न करा' दाबत बसू नका. धडपडत उठणाऱ्या सर्व्हरवर लाखो लोकांनी एकाच वेळी ते बटण दाबलं की तो पुन्हा आडवा होतो. म्हणून नीट लिहिलेलं अ‍ॅप स्वतः प्रयत्न करताना आधी एक सेकंद थांबतं, मग दोन, मग चार, मग आठ, आणि सगळे फोन एकदम धावू नयेत म्हणून त्यात थोडा अनियमितपणाही घालतं. यंत्राला शिकवलेला हा धीर आम्ही माणसाला देत नाही. त्याला बटण देतो.

घाईत अ‍ॅपचा डेटा पुसू नका, डाउनलोड करून ठेवलेलं जाईल. आणि सर्चमध्ये कस्टमर केअरचा नंबर शोधून फोन करू नका. असे खोटे नंबर पसरवून लोकांना लुबाडणं हा आपल्याकडे सर्रास चालणारा धंदा आहे. पलीकडचा माणूस गोड बोलून स्क्रीन शेअर करायला लावतो, ओटीपी विचारतो. फसलातच तर लगेच १९३० ला फोन करा. मला धास्ती याचीच वाटते. जिला वाटतंय की आपल्याच हातून बिघडलं, ती घरच्यांना सांगायला लाजते आणि अनोळखी माणसाला विचारते. आजीने लाजून फोन कपाटात ठेवला, हे आमचं नशीब.

सोमवारी ऑफिसात जाऊन मी ती ओळ बदलायला घेतली. पाचशेच्या घरातल्या आकड्यांसाठी लिहिलं, 'आमच्याकडे बिघाड झाला आहे. तुमचा फोन ठीक आहे. थोड्या वेळाने पाहा.' डिझाइनवाल्याने सांगितलं, लांब आहे, दोन ओळींत बसत नाही. वरून प्रश्न आला की आपण स्वतःहून बिघाड कबूल का करायचा. शेवटी पहिलं वाक्य 'तांत्रिक अडचण आहे' असं झालं. 'आमच्याकडे' गेलं. 'तुमचा फोन ठीक आहे' मात्र मी सोडलं नाही. लेखक म्हणून माझ्या नावावर एवढंच चार शब्दांचं लेखन आहे.

दिवाळीनंतर एकदा आजीचा फोन आला. स्वतःच्या फोनवरून. म्हणाली, "कीर्तन बंद पडलंय बघ. माझा फोन ठीक आहे, तसं लिहून आलंय. तुमचंच काहीतरी बिघडलंय. बघ जरा."

मी म्हटलं, "हो आजी, आमचंच चुकलं."