आक्रोशाच्या जागी तारशहनाई

‘पार्श्वसंगीत’ ही संज्ञा आपल्या चित्रपटसमीक्षेने फारशी न तपासता स्वीकारली. ‘पथेर पांचाली’ (१९५५) मधील एका प्रसंगापुढे ती अपुरी पडते. मुलीच्या मृत्यूची वार्ता नसलेला हरिहर दुर्गेसाठी आणलेली साडी पुढे करतो. सर्वजयेचा बांध फुटतो. तिचा आवाज मात्र ऐकू येत नाही, ऐकू येतात ते तारशहनाईचे आर्त स्वर. म्हणजे संगीत येथे भावनेला साथ देत नसून उच्चाराचीच जागा घेते. तुटपुंज्या साधनांत, अल्पावधीत रविशंकरांनी केलेल्या या संगीताचे कौतुक पुष्कळ झाले (आणि ते रास्तच आहे). कर्तृत्वाचा प्रश्न मात्र बाजूला राहिला. स्वररचना संगीतकाराची असली, तरी आवाज पुसण्याचा निर्णय दिग्दर्शकीय आहे. ‘तीन कन्या’ (१९६१) पासून सत्यजित राय स्वतःच संगीत देऊ लागले, याची संगती येथूनही लावता येईल.