माधवराव सप्रे : माफीनाम्यानंतरचे लेखन

साम्राज्यसत्तेविरुद्धच्या लढ्याचे वाङ्मय म्हटले की खटल्यांतील भाषणे आणि तुरुंगातील पत्रे आपल्यापुढे येतात. लढ्यात एकदा माघार घेतलेल्या लेखकाकडे मात्र समीक्षेने क्वचितच लक्ष दिले आहे. रायपूरचे माधवराव सप्रे (१८७१–१९२६) असे एक लेखक होत.

सप्रे मराठीभाषक, पण त्यांनी लिहिले मुख्यतः हिंदीतून. त्यामुळे मराठी वाङ्मयेतिहासात त्यांना फारशी जागा मिळाली नाही आणि हिंदीत त्यांची चर्चा ‘एक टोकरी भर मिट्टी’ (१९०१) ही पहिली कथा होय की नव्हे, या काहीशा निष्फळ वादात अडकली. ‘छत्तीसगढ मित्र’मधील या कथेत झोपडी गमावलेली विधवा चुलीपुरती टोपलीभर माती मागते आणि ती टोपली जमीनदारालाच उचलवत नाही. इंग्रजांचे नावही न घेता जमिनीवरील हक्काचा प्रश्न येथे उभा राहतो. जमीनदाराच्या पश्चात्तापाने मात्र शेवट सैल पडला आहे.

१९०७ मध्ये सप्र्यांनी नागपुरातून ‘हिंदी केसरी’ काढला. १९०८ मध्ये राजद्रोहाच्या आरोपाखाली त्यांना अटक झाली आणि कुटुंबीयांच्या दबावाखाली माफीनाम्यावर सही करून ते सुटले. त्याच वर्षी टिळकांना मंडालेला धाडण्यात आले. सप्र्यांचे चाहते हे प्रकरण घाईने उरकतात. माझ्या मते ते वगळले तर त्यांच्या पुढील लेखनाचा अर्थच लागत नाही.

सुटकेनंतर ते रामदासी साधनेकडे वळले. त्यांनी ‘दासबोध’ हिंदीत आणला आणि पुढे ‘गीतारहस्य’. दोन्ही ग्रंथ प्रयत्नवादाचे, निवृत्तीला नकार देणारे. स्वतः माघार घेतलेल्या माणसाने नेमके हेच ग्रंथ निवडावेत, ही निवडच एक भाष्य आहे. अनुवादात ओवीची लय हरवते, हे खरे. ‘गीतारहस्या’ची संस्कृत परिभाषा मात्र हिंदीत सहज रुळते.

फिलिपिन्सच्या होसे रिझालने ‘नोली मे तांगेरे’ (१८८७) ही कादंबरी राज्यकर्त्यांच्याच स्पॅनिशमध्ये लिहिली. सप्र्यांनी विचार एका देशभाषेतून दुसरीत नेला; मध्ये इंग्रजीची मध्यस्थी नव्हती. मंडालेच्या तुरुंगात लिहिला गेलेला ग्रंथ हिंदी वाचकांच्या हाती पडला, तो सप्र्यांचे नाव अनुवादक म्हणून घेऊनच.