‘कंटकशोधन’: अवयवाची किंमत आणि दंडाची समानता

कौटिलीय अर्थशास्त्रातील ‘कंटकशोधन’ हे चौथे अधिकरण गुन्ह्याचा तपास आणि शिक्षा यांचा एकत्रित विचार करते. त्याच्या सातव्या अध्यायात आकस्मिक मृत्यूची परीक्षा सांगितली आहे. प्रेताला तेल लावून ते तपासावे. सुजलेले हातपाय, उघडे डोळे व गळ्यावरील खुणा यांवरून गळा दाबल्याचे ओळखावे, असे कौटिल्य सांगतो. येथे शरीर हा पुरावा आहे. दहाव्या अध्यायात तेच शरीर शिक्षेचे स्थान बनते. गाठ कापणाऱ्या चोराने पहिल्या अपराधात अंगठा व तर्जनी गमवावी किंवा ५४ पण भरावेत. तिसऱ्या अपराधात उजवा हात किंवा ४०० पण.

हा पर्याय वरवर पाहता मानवी वाटतो. परंतु पाचव्या अधिकरणात मंत्र्याचे वेतन ४८,००० पण, तर सर्वांत खालच्या सेवकांचे ६० पण आहे. हे वेतन वार्षिक मानल्यास दोन बोटांचे मोल सेवकाच्या जवळजवळ वर्षभराच्या कमाईइतके होते. म्हणजे दंड सर्वांना सारखा, बोटे मात्र निर्धनाचीच जाणार.

भारतीय न्याय संहिता, २०२३ च्या कलम ११६ नुसार अवयवाचा नाश ही ‘गंभीर दुखापत’ होय. पूर्वीची शिक्षा आज गुन्हा ठरली आहे. तथापि दंड न भरल्यास कारावासाची तरतूद याच संहितेच्या कलम ८ मध्ये कायम आहे. अवयव सुरक्षित झाला; ऐपतीचा प्रश्न मात्र सुटलेला नाही, असेच म्हणावे लागते.