हरणाऱ्यांकडे वळलेला कॅमेरा

दर चार वर्षांनी आपल्या घराघरांतून एकच तक्रार ऐकू येते. ऑलिम्पिक सुरू झाले की इथला टीव्ही अमेरिकन खेळाडूंपलीकडे बघत नाही, आणि आपला कोणी असलाच तर त्याला निकालाच्या यादीत शोधावे लागते. मीही ही तक्रार करतो. म्हणूनच बड ग्रीनस्पॅन या अमेरिकन माणसाबद्दल लिहावेसे वाटले.

न्यूयॉर्कमध्ये १९२६ साली जन्मलेले ग्रीनस्पॅन मूळचे रेडिओवरचे क्रीडा-निवेदक. टकलावर चढवून ठेवलेला चष्मा ही त्यांची खूण. २०१० च्या नाताळच्या दिवशी ते वारले, तोवर ऑलिम्पिकवर माहितीपट आणि पुस्तके यांतच त्यांचे आयुष्य गेले होते.

त्यांचे सर्वोत्तम काम माझ्या मते '१६ डेज ऑफ ग्लोरी'. १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकवरचा हा माहितीपट. त्यात सुवर्णपदके आहेतच, पण लक्षात राहतो तो ब्रिटनचा डेव्ह मूरक्रॉफ्ट. ५००० मीटरचा विश्वविक्रम त्याच्या नावावर, आणि अंतिम शर्यतीत दुखापतीने बेजार होऊन तो सर्वांत मागे. पुढे मोरोक्कोचा सईद औइता सुवर्णपदकाकडे धावतोय, आणि मूरक्रॉफ्टची धडपड एवढीच, की त्याने आपल्याला पूर्ण एका फेरीने मागे टाकू नये. औइता जिंकतो, पण आपण बघत असतो मूरक्रॉफ्टकडे. फेरी वाचते, आणि आपण सुटकेचा श्वास टाकतो.

१९६८ च्या मेक्सिको ऑलिम्पिकमधला टांझानियाचा जॉन स्टीफन अखवारी जगाला माहीत झाला तोही बराचसा ग्रीनस्पॅन यांच्यामुळेच. पडून पाय जायबंदी झालेला हा मॅरेथॉनपटू विजेत्यानंतर तासाभराने लंगडत स्टेडियममध्ये आला. पदक नाही, विक्रम नाही. तरी ते दृश्य एकदा पाहिले की विसरता येत नाही.

आता खटकणाऱ्या गोष्टी. एक म्हणजे निवेदन. बऱ्याच माहितीपटांना त्यांचे बंधू डेव्हिड पेरी यांचा भारदस्त आवाज आहे, आणि तो प्रेक्षकाला काही सुचायच्या आत काय वाटायला हवे ते सांगून टाकतो. (आपल्याकडच्या सत्कार समारंभांतले सूत्रसंचालक आठवावेत.) '१०० ग्रेटेस्ट मोमेंट्स इन ऑलिम्पिक हिस्टरी' या १९९५ च्या पुस्तकात तर चित्र हलत नसल्याने हा दोष जास्तच जाणवतो. सगळ्या गोष्टी एकाच साच्यातून निघाल्यासारख्या वाटतात.

दुसरी गोष्ट जास्त गंभीर. 'जेसी ओवेन्स रिटर्न्स टू बर्लिन' या १९६० च्या दशकातल्या त्यांच्या माहितीपटात ओवेन्स रिकाम्या स्टेडियममध्ये उभे राहून १९३६ च्या आठवणी सांगतात. जर्मन प्रतिस्पर्धी लुझ लाँगने ऐन पात्रता फेरीत आपल्याला सल्ला दिला, ही गोष्ट त्यांनी आयुष्यभर सांगितली. क्रीडा-इतिहासकार टॉम एकर यांनी खोदून विचारल्यावर मात्र तसे घडले नसल्याचे ओवेन्सनी कबूल केले. गोष्ट इतकी गोड होती, की ती तपासावी असे ग्रीनस्पॅनना वाटले नसावे. खेळातले चांगले तेवढेच दाखवायचे, हे धोरण त्यांनी कधी लपवले नाही. पण चांगले आणि खरे या दोहोंत निवड करायची वेळ येते, तेव्हा माहितीपट करणाऱ्याने खऱ्याच्या बाजूने उभे राहायला हवे, एवढे मला नक्की वाटते.

इतके असूनही मी त्यांच्याकडे परत का जातो? त्यांच्या पहिल्या माहितीपटामुळे. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात किरकोळ भूमिका करताना त्यांची ओळख जॉन डेव्हिस या कृष्णवर्णीय वेटलिफ्टरशी झाली. १९४८ चा हा सुवर्णविजेता स्वतःच्याच देशात फारसा कोणाला ठाऊक नव्हता. १९५२ साली ग्रीनस्पॅन त्याच्यामागे कॅमेरा घेऊन थेट हेलसिंकीला गेले. तिथल्या मेसुहल्ली या सभागृहात डेव्हिसने दुसरे सुवर्णपदक जिंकले.

त्याच सभागृहात, त्याच आठवड्यात, कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव यांनी कुस्तीत कांस्यपदक मिळवले होते. स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक पदक. त्यांचा जन्मही १९२६ चाच. हेलसिंकीला जाण्यासाठी गावाने वर्गणी काढली, कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डीकर यांनी घर गहाण टाकले, परतल्यावर बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. १९८४ साली अपघातात ते गेले, आणि अर्जुन पुरस्कार मिळाला तो मरणोत्तर.

डेव्हिसला एक ग्रीनस्पॅन भेटला. खाशाबांच्या मागे कॅमेरा घेऊन गोळेश्वरहून कोणी निघाले नव्हते. तो खर्च तेव्हा कोणाला परवडणारही नव्हता. आज आपल्या मुलांच्या खिशातल्या फोनवर सिनेमा काढता येतो, आणि खाशाबांच्या काळातले पैलवान पाहिलेली माणसे सातारा-कोल्हापुरात अजून भेटतात. पुढच्या उन्हाळी सुट्टीत त्यांच्याकडे जायचे आमच्या घरी ठरले आहे.